‘इतर स्थानिक मासे’ आणि नावांची साक्ष

गोदाकाठच्या एका गावाची लोकजैवविविधता नोंदवही, म्हणजे गावातली झाडे, पिके, मासे यांची लोकांना विचारून करायची नोंद, मध्यंतरी मी पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचली. झाडांची पाने भरलेली होती, पिकांच्या वाणांची माहितीही बऱ्यापैकी होती. माशांच्या पानावर मात्र रोहू, कटला, मृगल, सिल्व्हर कार्प, गवत्या आणि सायप्रिनस अशी सहा नावे लिहून सातव्या ओळीत ‘इतर स्थानिक मासे’ एवढेच नमूद केले होते. वरची सहाही नावे ज्या माशांची आहेत, त्यांचे बीज धरणांत आणि तलावांत बाहेरून आणून सोडले जाते. जे मासे धरण होण्याच्या कितीतरी आधीपासून या नदीत राहत आले, त्यांच्या वाट्याला एक ‘इतर’ आला होता. माहिती देणाऱ्या जाणकाराचा रकाना रिकामा होता, आणि हे गाव असे की तिथे आजही पहाटे जाळी काढायला जाणारी भोई समाजाची घरे आहेत.

त्याच गावात, त्याच दिवशी, एका सुशिक्षित गृहस्थांनी मला ठामपणे सांगितले की घोगरे हे आडनाव घोगरा माशावरून आले, तेव्हा त्या घराण्याचा मूळ धंदा मासेमारीचाच असला पाहिजे. आधार काय, असे विचारले तेव्हा त्यांनी नावाकडेच बोट दाखवले. नाव सारखे आहे, आणखी काय हवे, असे त्यांचे म्हणणे होते.

या दोन गोष्टी शेजारी शेजारी ठेवल्या की आपल्या सार्वजनिक व्यवहारातली एक मोठी विसंगती दिसते. ज्या विषयात मासेमार हाच जाणता साक्षीदार आहे, म्हणजे नदीतल्या माशाच्या नावात, तिथे आपण त्याची साक्ष घेत नाही; आणि ज्या विषयात साक्ष मुळीच उपलब्ध नाही, म्हणजे आडनावाच्या उगमात, तिथे केवळ उच्चाराच्या सारखेपणावर घराण्याचा धंदा आणि जात ठरवून मोकळे होतो. नावावरून काही निष्कर्ष काढायचा असेल तर त्या नावाची साक्ष आधी मागितली पाहिजे, आणि ही शिस्त माशांना व माणसांना सारखीच लागू केली पाहिजे, असे माझे मत आहे.

ही शिस्त प्राणिशास्त्राने फार पूर्वी स्वीकारली. प्राण्यांच्या शास्त्रीय नावांची गणना स्वीडनच्या लिनियसच्या १७५८ सालच्या ग्रंथापासून धरली जाते. तेव्हापासून एखाद्या जातीला नाव द्यायचे म्हणजे तिचे वर्णन छापायचे, ती कुठे सापडली ते लिहायचे आणि नाव देणाऱ्याचे आडनाव व साल त्या नावाला कायमचे जोडायचे, अशी रीत पडत गेली. पुढे नमुना जपून ठेवण्याचा आग्रहही नियमांत आला. नावाला अर्थ असलाच पाहिजे अशी अट कधीच नव्हती. अट आहे ती एवढीच, की हे नाव नेमके कोणत्या माशाचे, असा प्रश्न दोनशे वर्षांनी कोणी विचारला तरी उत्तर शोधण्याची वाट मोकळी असावी. आधी दिलेले रीतसर नाव टिकते आणि नंतरचे मागे पडते, हा अग्रक्रमाचा नियमही त्यासाठीच आहे.

आपल्याकडच्या माशांच्या बाबतीत या शास्त्राने मराठीचे ऋण उघडपणे वागवले आहे, आणि ही गोष्ट मराठवाड्यातल्या शाळांत शिकवली जात नाही याचे मला वाईट वाटते. मुंबई सरकारने १८२४ मध्ये दख्खनच्या सांख्यिकी पाहणीसाठी नेमलेले लष्करी अधिकारी विल्यम हेन्री साइक्स यांनी १८३९ मध्ये दख्खनच्या माशांची वर्णने प्रसिद्ध केली. त्यांनी माशांना लॅटिन शब्द शोधत बसण्याऐवजी अनेक ठिकाणी मराठी मासेमारांच्या तोंडची नावेच घेतली. शिंगटी त्यांनी ऐकली तशी इंग्रजी अक्षरांत उतरवली आणि आज तो मासा जगभर मिस्टस सीन्गटी म्हणून ओळखला जातो. घोगरा रिटा गोग्रा झाला, कुटरणी रिटा कुटर्नी झाली, कोळस हिप्सेलोबार्बस कोलस झाला, आणि ज्याला आपण खडशी म्हणतो तो दख्खनचा महाशीर टॉर खुद्री झाला. साइक्स यांचे बरेच काम भीमेच्या खोऱ्यातले, मुळा-मुठेच्या काठावरचे. पण यांतले अनेक मासे गोदावरीतही आहेत. कोणा भोयाने नदीकाठी उच्चारलेला शब्द कंसातल्या ‘साइक्स, १८३९’ या नोंदीसह जगातल्या संग्रहालयांत पोचला. त्या भोयाचे नाव मात्र कुठेच नाही.

याच साइक्स यांनी काही माशांना लंडनमधल्या विद्वानांची आडनावे दिली. विगर्स, यारेल आणि चिल्ड्रेन ही ती आडनावे. सिलोनिया चिल्ड्रेनी हा गोदावरी-कृष्णेच्या खोऱ्यांतला मोठा मासा. इंग्रजी येणाऱ्या कोणालाही वाटेल की या नावाचा लहान मुलांशी काही संबंध असावा, पण ते जॉन जॉर्ज चिल्ड्रेन या ब्रिटिश म्युझियममधल्या गृहस्थांचे आडनाव आहे. मूळ नोंद उपलब्ध आहे म्हणून हा गैरसमज एका मिनिटात दूर होतो. नोंद नसती तर ‘मुलांचा मासा’ अशी एक कथा तयार झाली असती आणि ती कोणी खोडूही शकले नसते. लेबिओ पोटेल हे आणखी एक नाव. कंपनी सरकारच्या इंग्रजी कागदांत गावच्या पाटलालाही याच अक्षरांनी लिहीत असत. पण एवढ्यावरून हा मासा नदीतला पाटील ठरत नाही.

आडनावाचा मासा झाल्याचे सर्वांत जवळचे उदाहरण तर आपल्या गावातल्या हौदात पोहत असते. डासांच्या अळ्या खाव्यात म्हणून आरोग्य विभागाचे कर्मचारी विहिरींत, हौदांत, साचलेल्या डबक्यांत गप्पी मासे सोडतात. या ‘गप्पी’चा गप्पांशी किंवा गप्प बसण्याशी काहीही संबंध नाही. त्रिनिदाद बेटावरचे निसर्ग अभ्यासक रॉबर्ट गप्पी यांनी हे मासे लंडनला पाठवले आणि १८६६ मध्ये ग्युंथर यांनी त्यांना गप्पींच्या आडनावावरून नाव दिले. पुढे लक्षात आले की पीटर्स यांनी १८५९ मध्येच व्हेनेझुएलातल्या नमुन्यांवरून याच माशाला पोसिलिया रेटिक्युलाटा हे नाव दिले होते. अग्रक्रमाच्या नियमाने ग्युंथर यांचे नाव बाद झाले आणि लोकांच्या तोंडी मात्र गप्पीच राहिले. बीड-परभणीकडच्या आरोग्यसेविकेच्या तोंडी एका परदेशी माणसाचे आडनाव रोज येते, आणि ते ऐकणाऱ्याला अस्सल मराठी वाटते. नुसत्या कानावर विसंबणे किती धोक्याचे आहे, हे यापेक्षा स्पष्ट करून सांगता येणार नाही.

आता घोगऱ्याकडे येतो. पैठणच्या काठावर पहाटे क्रेट उतरत असताना एका वयस्क मासेमाराने हा मासा माझ्या हातात दिला होता. त्याने तो डोक्यामागे दोन बोटांत असा धरला होता की पाठीवरचा आणि दोन्ही बाजूंचे काटे बोटांच्या बाहेर राहावेत. दुसऱ्या हातात पक्कड होती, कारण हे काटे मोडल्याशिवाय मासा क्रेटमध्ये टाकला तर नंतर हात घालणाऱ्याचे बोट फाटते. मासा हातात आला तसा कल्ल्याजवळच्या काट्याच्या सांध्यातून खरखर आवाज करू लागला. ‘ऐका, घोगरतोय बघा,’ म्हातारबाबा म्हणाले. शेजारच्या तरुणाने त्याच माशाला कटर्णा म्हटले, तेव्हा बाबांनी त्याला मिशा आणि डोक्याचे हाड दाखवून कटर्णा कसा वेगळा असतो ते समजावले. पाच मिनिटांचा तो संवाद म्हणजे माशाच्या ओळखीचा उत्तम पाठ होता. नोंदवहीत तो कुठेही आला नाही.

हा आवाज एकदा ऐकला की घोगरा हे नाव आवाजावरून पडले असावे असे सहज वाटते. पण मग घोगरे या आडनावाचे काय? घोगऱ्या आवाजाच्या एखाद्या पूर्वजावरूनही ते पडू शकते, आणि तसे असेल तर मासा आणि आडनाव ही एकाच शब्दाची दोन लेकरे ठरतात. एकापासून दुसरे जन्मले असे म्हणता येत नाही. शिंगाडे या आडनावाचीही हीच गत आहे. शिंगाडा नावाचा मासा आहे, शिंगाडा नावाचे तळ्यातले फळ आहे, आणि दोघांच्याही मुळाशी शिंग आहे. आडनाव माशावरून आले, फळावरून आले की थेट शिंगावरून, हे त्या घराण्याची जुन्यात जुनी लेखी नोंद आणि त्या वेळचा त्यांचा व्यवसाय पाहिल्याशिवाय सांगता येणार नाही. मासाळ, झिंगाडे, मगर, मगरे या आडनावांवर आपल्याकडे हौसेने बोलले जाते. मराठी आडनावे गावावरून पडली, वतनावरून पडली, धंद्यावरून पडली, एखाद्या प्रसंगावरून किंवा शरीराच्या खुणेवरून पडली. कधी दुसऱ्यांनी चिडवण्यासाठी ठेवलेले नावच पुढे कायम झाले. इतक्या वाटा असताना केवळ उच्चार ऐकून एक वाट निवडणारा माणूस बहुधा आपल्याला सोयीची वाट निवडतो.

नाव एका ठिकाणी आणि वस्तू दुसऱ्या ठिकाणी असे होऊ शकते, हे तर मराठवाड्याइतके कोणाला ठाऊक असणार! गोदावरीवरचे धरण मूळ योजनेत बीड जिल्ह्यातल्या जायकवाडी गावाजवळ व्हायचे होते. पुढे जागा बदलली, १९६५ मध्ये पैठणला पायाभरणी झाली, १९७६ मध्ये धरण पूर्ण झाले, आणि नाव जायकवाडीच राहिले. उद्या कोणी कागद न पाहता नावावरून धरणाची जागा ठरवू लागला तर तो जिल्हाच चुकेल. आपल्याकडे गोदावरीला गंगा म्हणतात. काठावरचा माणूस ‘गंगेवर जाऊन येतो’ म्हणतो आणि काठाच्या पट्ट्याला गंगथडी म्हणतो. फ्रान्सिस हॅमिल्टन यांनी १८२२ मध्ये गंगेच्या माशांवर ग्रंथ लिहून रोहू, कटला, मृगल यांची नावे बंगालकडच्या बोलींतून शास्त्रात नेली, ती गंगा उत्तरेची. १९५७ मध्ये हिरालाल चौधरी यांनी पीयूष ग्रंथीच्या अर्काचे इंजेक्शन देऊन या माशांचे प्रजनन घडवले, त्यानंतर बीज मुबलक मिळू लागले आणि त्या गंगेचे मासे या गंगेत आले. अशा वेळी नोंदवहीत कोणी ‘गंगेतला मासा’ एवढेच लिहिले तर ठिकाण न लिहिण्याची किंमत काय असते ते कळेल. ओघात सांगायचे तर हॅमिल्टन यांचे स्वतःचे मूळ आडनाव बुकॅनन. वारशाच्या निमित्ताने त्यांनी आईकडचे आडनाव लावले, आणि रोहूच्या शास्त्रीय नावापुढे आज तेच लिहिले जाते.

आडनावांचा प्रश्न हौसेपुरता असता तर मी एवढे लिहिले नसते. २०२२ मध्ये इतर मागासवर्गीयांची संख्या ठरवण्यासाठी नेमलेल्या बांठिया आयोगाच्या कामात आडनावांवरून जात ओळखली जात असल्याचा आक्षेप राज्यभर घेतला गेला. तो आक्षेप रास्त होता, कारण एकच आडनाव अनेक जातींत आढळते हे महाराष्ट्रात शाळकरी मुलालाही माहीत असते. त्यानंतर २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीने कुणबी नोंदींसाठी निजामकालीन दप्तर उघडले, तेव्हा मराठवाड्यातल्या जुन्या कागदांकडे सर्वांचे लक्ष गेले. कागद पाहणे ही योग्यच दिशा आहे. पण कागद वाचणेही शिस्तीचे काम आहे. उर्दू लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत आणि ‘ळ’ला स्वतंत्र अक्षर नाही, मरळ हा शब्द तिथे मरल, मुरल, मिरल असा कसाही वाचता येतो. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळला जात नाही. साइक्स यांच्या इंग्रजी अक्षरांत शिंगटीचे जे झाले, तेच आपल्या आजोबा-पणजोबांच्या आडनावांचे या लिप्यांत झाले. फरक एवढाच की शिंगटीचे वर्णन सोबत छापलेले असल्याने मासा ओळखता येतो, आणि माणसाच्या नावासोबत गाव, वडिलांचे नाव, जमिनीचा तपशील जुळवल्याखेरीज माणूस ओळखता येत नाही. म्हणून जातीच्या दाखल्याच्या प्रकरणात आडनावाच्या अर्थाला पुराव्याचे वजन कोणी देऊ नये. कोळी आणि भोई समाजांतल्या कुटुंबांना दाखल्यांसाठी जो त्रास होतो, त्यात अशा शब्दार्थाच्या तर्कांनी भर पडते.

आता दुसरी बाजू. माशांच्या बोलीतल्या नावांना शास्त्र मानत नाही, कारण ती गावागणिक बदलतात, एकाच नावाखाली दोन मासे येतात, असे प्राणिशास्त्राचे काही अभ्यासक मला सांगतात. मरळ हे नाव आपल्याकडे दोन-तीन जातींना सर्रास लावले जाते, हे खरेच आहे. पण शास्त्रीय नावेही चुकत आली आहेत. साइक्स यांनी ‘मुसल्ला’ म्हणून वर्णिलेला मासा नेमका कोणता, यावर अभ्यासकांत दीर्घकाळ वाद झाला, कारण पडताळून पाहावा असा मूळ नमुना हाती नव्हता. कोणी त्याला महाशीर मानले, कोणी दुसऱ्याच गटात घातले. साक्ष हरवली की लॅटिन नावही तितकेच लुळे पडते. बोलीतले नाव बदलते ही अडचण असेल तर त्यावरचा उपाय ते गाळणे हा नाही. ते कोणत्या घाटावर, कोणत्या माशाकडे बोट दाखवून, कोणी सांगितले, हे लिहून ठेवणे हा आहे. पैठणला कटर्णा आणि गंगाखेडला दुसरे काही, असा फरक निघाला तर ती चूक समजू नये. तीही माहितीच आहे.

आणि दोन्ही नावे जोडलेली असणे हे माशाच्या जगण्यामरण्याशी निगडित आहे. कावेरीच्या खोऱ्यातला पाठीला कुबड असलेला मोठा महाशीर गळाने मासे धरणाऱ्या शौकिनांत शतकभराहून अधिक काळ प्रसिद्ध होता. पण त्याची शास्त्रीय ओळख २०१८ मध्ये पक्की झाली आणि त्यानंतरच तो नामशेष होण्याच्या उंबरठ्यावरच्या जातींच्या जागतिक यादीत येऊ शकला. हे लोकनाव शास्त्रापर्यंत न पोचल्याचे उदाहरण झाले. उलट बाजूने, एखादा मासा दुर्मीळ असल्याचे लॅटिन नावाने जाहीर झाले आणि ते आपल्या काठावरच्या मासेमाराला त्याच्या शब्दांत कळलेच नाही, तर तो मासा विणीच्या दिवसांत पाण्यात परत सोडणार कोण?

हे काम करायला नवा कायदा नको. २००२ च्या जैवविविधता कायद्याने प्रत्येक स्थानिक संस्थेत जैवविविधता व्यवस्थापन समिती सांगितली आहे आणि तिने लोकांशी बोलून नोंदवही करावी अशी अपेक्षा आहे. राष्ट्रीय हरित लवादाने ३१ जानेवारी २०२० ची मुदत घातल्यावर ठिकठिकाणी घाईने वह्या भरल्या गेल्या, आणि मी पाहिलेली वही त्याच घाईची असावी असे तिच्या अक्षरावरून दिसते. तिथल्या ग्रामसेवकाला मी दोष देत नाही. त्याच्याकडे वेळ नव्हता आणि मासे ओळखणारे कोणी सोबत दिले नव्हते. पण वही ही एकदा भरून कपाटात ठेवण्याची गोष्ट नाही, ती वेळोवेळी सुधारायची असते.

तेव्हा माझी मागणी साधी आहे. नाथसागरापासून नांदेडपर्यंत गोदावरीच्या काठी जितकी गावे आहेत, त्यांच्या नोंदवहीतले माशांचे पान पुन्हा भरावे. प्रत्येक माशाचे काठावरचे नाव, काटे-मिशा-खवले दिसतील असा फोटो, घाटाचे नाव, तारीख, आणि जवळच्या महाविद्यालयातल्या प्राणिशास्त्राच्या प्राध्यापकाने तपासून लिहिलेले शास्त्रीय नाव, एवढे त्यात असावे. शास्त्रीय नावापुढे जसे नाव देणाऱ्याचे आडनाव लिहितात, तसे बोलीतल्या नावापुढे ते सांगणाऱ्या मासेमाराचे पूर्ण नाव, त्याच्या संमतीने, लिहावे. दोनशे वर्षांपूर्वी जे राहून गेले ते आता तरी व्हावे. आणि हे काम ग्रामपंचायतीच्या कार्यालयात दुपारी करू नये. पहाटे पाच-साडेपाचला चप्पू काठाला लागतात, क्रेट उलटे होतात, व्यापारी यायला अजून अर्धा तास असतो. वही घेऊन तेव्हा तिथे जावे आणि पहिला प्रश्न पक्कड हातात असलेल्या माणसाला विचारावा.